पडद्यावरच्या नोंदीची नक्कल कोणाला?

टॅब्लेटच्या पडद्यावर जे जे घडते त्याचे चलचित्र त्याच टॅब्लेटमध्ये उतरवून ठेवण्याची सोय आज जवळजवळ प्रत्येक नव्या यंत्रात असते. आयपॅडमध्ये ती २०१७ साली आली. अँड्रॉइड प्रणालीने २०२० सालच्या अकराव्या आवृत्तीत ती अंगभूत केली. पडद्याच्या वरच्या कडेवरून बोट खाली ओढावे, ‘स्क्रीन रेकॉर्ड’च्या खुणेवर टेकवावे, तीन अंक मोजून यंत्र मुद्रण सुरू करते आणि थांबवीपर्यंत पडद्यावरची प्रत्येक हालचाल टिपत राहते. हवा असल्यास आवाजही टिपते. एवढ्याशा गोष्टीवर या पानाची जागा का अडवावी, असा प्रश्न वाचकांना पडेल. मुले या सोयीने आपल्या खेळातले पराक्रम टिपतात आणि दुकानदार नव्या गिऱ्हाईकाला ती जाता जाता दाखवितात, यापलीकडे तिची कोणी चर्चा करीत नाही. माझे म्हणणे असे की, श्रमिक, ऋणको आणि विद्यार्थी यांच्या हाती गेल्या दहा वर्षांत इतके उपयुक्त आणि इतके दुर्लक्षित साधन दुसरे आलेले नाही. ते त्यांच्या हातून हळूहळू काढूनही घेतले जात आहे आणि आपल्या चळवळीने याची दखलही घेतलेली नाही.

अर्थशास्त्राच्या विद्यार्थ्याला ‘माहितीची विषमता’ ही संकल्पना परिचित असते. जुन्या मोटारींच्या बाजारावर जॉर्ज ॲकरलॉफ यांनी १९७० साली लिहिलेला निबंध आम्ही वर्षानुवर्षे शिकवीत आलो. त्या विचारासाठी त्यांना २००१ साली इतर दोघांसह नोबेल पारितोषिक मिळाले. विकणाऱ्याला मालातले वैगुण्य ठाऊक असते, घेणाऱ्याला नसते, हे त्यातले मर्म. पण याहून जुनी आणि अधिक जाचक अशी एक विषमता आहे, तिला पाठ्यपुस्तकात फारशी जागा नाही. तिला मी नोंदीची विषमता म्हणेन. येथे काय घडले हे दोघांनाही पक्के ठाऊक असते. मजुराला ठाऊक असते की आपण आठ दिवस काम केले, आणि मालकालाही ते ठाऊक असते. फक्त वही मालकाकडे असते.

महाराष्ट्राला हे कोणी नव्याने सांगावयास नको. १२ मे १८७५ रोजी पुणे जिल्ह्यातील सुपे येथे शेतकरी उठले, आणि तो उठाव पुणे व नगर जिल्ह्यांत पसरला, तेव्हा त्यांनी प्रामुख्याने काय केले? सावकारांची कर्जरोखे व वह्या मागितल्या आणि मिळतील तेथे जाळल्या. माणसांवर हात टाकण्यापेक्षा कागद नष्ट करण्यावर त्यांचा भर होता, हे सरकारी चौकशीतही नमूद झाले. निरक्षर माणसाने कागदावर इतका राग का काढावा? कारण त्या कागदावर काय लिहिले आहे ते त्याला वाचता येत नव्हते आणि त्याची नक्कल त्याच्याजवळ नव्हती. परकीय सरकारलाही हे मर्म उमगले होते. १८७९ साली पुणे, सातारा, सोलापूर व नगर या चार जिल्ह्यांसाठी जो दख्खनच्या शेतकऱ्यांच्या साहाय्याचा कायदा झाला, त्यात कर्जाच्या व्याजाची आणि जप्तीची कलमे होतीच. पण त्याबरोबर असेही होते की, शेतकऱ्याने फेडलेल्या रकमेची लेखी पावती त्याला मिळाली पाहिजे, वर्षातून एकदा हिशेबाचे पत्रक मिळाले पाहिजे, आणि त्याने मागितल्यास त्याच्या स्वतःच्या पासबुकात सावकाराने हिशेब उतरवून दिला पाहिजे. ऋणकोची स्वतःची प्रत, ही कल्पना आपल्याकडे कायद्यात येऊन जवळजवळ दीड शतक झाले.

आता आजची वही कोठे आहे ते पाहू. ती चोपडी नाही, गल्ल्याखालचा कागद नाही. ती दूरच्या कुठल्या तरी संगणकात आहे, आणि तिचे एक पान, तेही मालकाला दाखवावेसे वाटेल तेवढाच वेळ, आपल्या पडद्यावर उमटते आणि नाहीसे होते. रोजगार हमीचे उदाहरण घ्या. १९७२ च्या दुष्काळानंतर ज्यांनी महाराष्ट्रात कामे काढावयास लावली त्या कार्यकर्त्यांना हजेरीपटाचे मोल ठाऊक होते. मस्टर कामाच्या जागी असले पाहिजे आणि ते सर्वांसमोर वाचले गेले पाहिजे, या एका मागणीसाठी किती धरणी झाली! पुढे राजस्थानात मजदूर किसान शक्ती संघटनेने १९९४ पासून ज्या जनसुनावण्या घेतल्या, त्यांत हेच मस्टर मोठ्याने वाचले गेले, मेलेल्यांची व न आलेल्यांची नावे त्यात निघाली, आणि त्या धगीतून २००५ चा माहिती अधिकाराचा कायदा आकाराला आला. त्यानंतर १ जानेवारी २०२३ पासून केंद्राच्या रोजगार हमीच्या सार्वजनिक कामांवर मोबाईल ॲपमधून, मजुरांची छायाचित्रे दिवसातून दोनदा चढवून, हजेरी घेण्याची सक्ती झाली. हेतू भ्रष्टाचार रोखण्याचा सांगण्यात आला. डोंगराळ भागात जाळे मिळेना, छायाचित्र चढेना, आणि ज्याचे छायाचित्र चढले नाही त्याचा त्या दिवसाचा रोज बुडाला. त्याने खड्डा खणला होता, मेटने पाहिले होते, शेजारी काम करणाऱ्या बाईने पाहिले होते. पण यंत्राने पाहिले नव्हते.

अशा वेळी मेटच्या हातातील यंत्राने पडद्याचे मुद्रण केले असते तर काय उरले असते? सकाळची अमुक वेळ, छायाचित्र काढले गेले, चढविण्याची आज्ञा दिली गेली, चक्र फिरत राहिले, ‘पुन्हा प्रयत्न करा’ असा संदेश आला, पुन्हा प्रयत्न झाला, पुन्हा तेच. चार मिनिटांचे ते चलचित्र म्हणजे मजुराच्या बाजूचे मस्टर. ‘तुम्ही भरलेच नाही’ या साहेबी उत्तराला त्यातून प्रत्युत्तर मिळाले असते. २०२१ च्या ऑगस्टमध्ये महाराष्ट्रातील अंगणवाडी सेविकांनी शासनाने दिलेले मोबाईल परत केले, त्या आंदोलनाचे सारही हेच होते. यंत्र तापते, अडकते, पोषणाच्या नोंदीचे ॲप इंग्रजीत, आणि नोंद राहिली की जाब मात्र सेविकेला! यंत्राचा दोष आणि माणसाचा कामचुकारपणा यांतला भेद दाखवील असा कागद सेविकांच्या हाती नव्हता.

स्थिर छायाचित्राने, म्हणजे ज्याला स्क्रीनशॉट म्हणतात त्याने, हे काम होणार नाही काय? थोडेफार होते. पण अन्याय पुष्कळदा एखाद्या आकड्यात नसून दोन आकड्यांच्या मधल्या वाटेत असतो. घरपोच माल पोचविणाऱ्या मुलाच्या पडद्यावर कामाचा प्रस्ताव काही क्षण झळकतो. त्या क्षणांत अंतर आणि मोबदला वाचून हो की नाही ते ठरवावयाचे. काम संपल्यावर हाती पडणारी रक्कम निराळी निघाली, तर आधीचा आकडा कोठे शोधावयाचा? गिऱ्हाईकाची गतही वेगळी नाही. वस्तूची किंमत पहिल्या पानावर एक, शेवटच्या पानावर दुसरी, मध्ये कोठे तरी एक चौकोन आधीच खूण करून ठेवलेला. केंद्रीय ग्राहक संरक्षण प्राधिकरणाने २०२३ च्या नोव्हेंबरात अशा तेरा प्रकारच्या फसव्या रचना निषिद्ध ठरविल्या. त्यांतील बहुतेक रचना क्रमातून सिद्ध होतात, एका चित्रातून होत नाहीत. चोर पकडावयाचा तर पावलांचा माग हवा.

नीती आयोगाने २०२२ साली प्रसिद्ध केलेल्या अंदाजानुसार अशा ॲपवरच्या आणि तत्सम कामांत २०२०-२१ मध्ये ७७ लाख माणसे होती आणि २०२९-३० पर्यंत ती २ कोटी ३५ लाख होतील. म्हणजे एखाद्या लहान राज्याची लोकसंख्या अशा कारखान्यात काम करीत आहे की ज्याचे प्रवेशद्वार, हजेरीपट, पगारपत्रक आणि बडतर्फीची नोटीस हे सारे एका पडद्यावर मावते. राजस्थानने २०२३ साली आणि कर्नाटकाने २०२५ साली या कामगारांसाठी कायदे केले, ते स्वागतार्हच होत. पण कायद्याखाली तक्रार करावयाची तर हातात काही तरी घेऊन जावे लागते.

येथे त्या काळ्या पडद्याकडे वळले पाहिजे. मुद्रण सुरू करून काही ॲप उघडली की नंतर चलचित्रात तेवढा भाग निव्वळ काळा दिसतो. यंत्र बिघडलेले नसते. ॲप तयार करणाऱ्याने आतच तशी खूण करून ठेवलेली असते, की हा भाग टिपू नये. बँकांची ॲप असे करतात, आणि त्यांना विचारले तर उत्तर येते : सुरक्षितता. हे उत्तर खोटे नाही. दुसऱ्याचा पडदा दुरून पाहून खाते रिकामे करणाऱ्या टोळ्या आहेत. दुरून यंत्राचा ताबा घेणाऱ्या ॲपबाबत रिझर्व्ह बँकेने २०१९ साली बँकांना सावधही केले होते. कोणी अपरिचिताने दूरध्वनीवरून सांगितले म्हणून आपला पडदा त्याला दाखविणे हा आत्मघात आहे, हे गावोगाव सांगितलेच पाहिजे. परंतु पडदा दुसऱ्याला दाखविणे आणि पडद्याची नोंद स्वतःजवळ ठेवणे या भिन्न गोष्टी आहेत. घराला कुलूप असावे हे खरे; म्हणून घरमालकाला किल्लीच देऊ नये, असे होत नाही. गुप्त अंक टंकावयाचे पान काळे ठेवा, त्याला कोणाची हरकत असेल? कर्जाच्या अटींचे पान, व्याजाचा दर, कापलेले शुल्क, ‘मान्य आहे’ हे बटण, हे काळे ठेवण्यात कोणाची सुरक्षितता साधते? रिझर्व्ह बँकेने २०२२ साली ॲपवरून कर्ज देणाऱ्यांना अटींचे मुख्य तथ्यपत्रक ऋणकोला देण्याचे बंधन घातले, ते १८७९ च्या परंपरेतलेच आहे. तेवढ्याने मात्र भागत नाही. पत्रकात काय होते हे एक, आणि पडद्यावर काय दाखवून अंगठा घेतला हे दुसरे.

चित्रपट आणि मालिका विकणाऱ्या कंपन्यांचाही पडदा असाच काळा होतो. त्यांचे दुःख मला कमी महत्त्वाचे वाटते. दूरदर्शनवरचा कार्यक्रम नंतर पाहण्यासाठी घरी मुद्रित करून ठेवणे गैर नव्हे, असे अमेरिकेच्या सर्वोच्च न्यायालयाने १९८४ साली, पाच विरुद्ध चार अशा मतांनी का होईना, ठरविले होते. आपल्याकडे २०१२ च्या दुरुस्तीने असे तांत्रिक अडसर मोडणे हा गुन्हा ठरला, परंतु प्रताधिकाराचा भंग करण्याचा हेतू असेल तरच, आणि कायद्याने जे निषिद्ध केलेले नाही त्यासाठी मोडल्यास नव्हे. एवढे शहाणपण आपल्या संसदेने दाखविले, हे नमूद करावयास हवे.

मला आस्था आहे ती विद्यार्थ्यांची. महाराष्ट्र शासनाच्या महाज्योती संस्थेने इतर मागासवर्ग, विमुक्त जाती, भटक्या जमाती यांतील मुलामुलींना जेईई, नीट व सीईटीच्या तयारीसाठी टॅब्लेट आणि रोज ६ जीबी डेटा देण्याची योजना राबविली. योजना चांगली. पण प्रत्यक्ष वर्ग भरतो तेव्हा घरात वीज असेलच असे नाही, आणि जाळे असले तरी घरातील मुलीला त्या वेळी पाणी भरावयाचे नसेल असेही नाही. तिने तास चालू असताना पडद्याचे मुद्रण लावून ठेवले आणि रात्री पाहिले, तर तिने चोरी केली काय? १९५७ च्या प्रताधिकार कायद्याचे ५२ वे कलम खाजगी अभ्यासासाठीचा रास्त वापर मान्य करते. ३९ वे कलम तर म्हणते की, स्वतःच्या खाजगी वापरासाठी किंवा प्रामाणिक अध्यापन-संशोधनासाठी केलेले मुद्रण हा सादरकर्त्याच्या हक्काचा भंग नव्हे. दिल्ली विद्यापीठाच्या आवारातील छायाप्रतींच्या दुकानावर बड्या प्रकाशकांनी केलेल्या दाव्यात दिल्ली उच्च न्यायालयाने २०१६ साली विद्यार्थ्यांची बाजू उचलून धरली, आणि प्रताधिकार हा ईश्वरदत्त हक्क नव्हे असा निर्वाळा दिला. विद्यार्थ्याची छायाप्रत आणि त्या मुलीचे मुद्रण यांत तत्त्वतः काहीही अंतर नाही.

याच कायद्यात ‘सादरकर्ता’ या शब्दाची व्याख्या वाचण्याजोगी आहे. नट, गायक, वादक, नर्तक, डोंबारी, जादूगार, गारुडी, आणि त्यांच्याच पंक्तीला व्याख्यान देणारा! अनेक प्राध्यापकांना ही संगत कमीपणाची वाटेल. मला ती अगदी रास्त वाटते; गारुड्याइतके श्रोते धरून ठेवता आले असते तर महाविद्यालयांची अवस्था वेगळी झाली असती. असो. व्याख्येचा परिणाम गंभीर आहे. व्याख्यान हे श्रम आहेत आणि त्याच्या मुद्रणावर व्याख्यात्याचा हक्क आहे. तासिका तत्त्वावर राबणाऱ्या तरुण अध्यापकाचा तास संस्थेने एकदा मुद्रित केला आणि पुढील वर्षी त्याला न बोलावता तोच पडद्यावर फिरविला, तर त्याचे गतवर्षीचे श्रम त्याच्याच यंदाच्या पोटावर पाय देतात. मार्क्सने यंत्राविषयी मृत श्रम जिवंत श्रमावर स्वार होतात असे जे सांगितले, त्याचे इतके घरगुती उदाहरण क्वचितच सापडेल. व्यापारी उपयोगात सादरकर्त्याला स्वामित्वधनाचा वाटा देण्याची तरतूद २०१२ पासून कायद्यात आहे. तो मागणारी अध्यापक संघटना माझ्या पाहण्यात नाही. मुलीने मुद्रण करणे आणि संस्थेने मुद्रण करणे या दोहोंना एकच नियम लावू पाहणारे नियमावलीकार दुर्बळाला आणि सबळाला एकाच मापाने मोजतात.

मालकांना मात्र मुद्रणाचे वावडे नाही. घरून काम करणाऱ्या कर्मचाऱ्याच्या पडद्याची छायाचित्रे दर काही मिनिटांनी टिपणारी साधने बाजारात उघडपणे विकली जातात. खाजगीपणा हा मूलभूत हक्क आहे, असे सर्वोच्च न्यायालयाच्या नऊ न्यायमूर्तींनी २०१७ साली एकमताने सांगितले. २०२३ साली वैयक्तिक डेटा संरक्षणाचा कायदा झाला, त्याचे नियम २०२५ च्या नोव्हेंबरात आले. आणि त्या कायद्याच्या ७ व्या कलमात नोकरीच्या प्रयोजनासाठी, मालकाला नुकसानीपासून वाचविण्यासाठी, कर्मचाऱ्याच्या संमतीवाचून त्याच्या माहितीचा वापर करण्याची मुभा ठेवली आहे. म्हणजे मालकाने नोकराचा पडदा टिपावयाचा तर संमती नको, आणि नोकराने मालकाचा पडदा टिपला तर तो काळा.

समजा, सारे अडथळे ओलांडून एखाद्याने मुद्रण मिळविले. ते न्यायालयात टिकते काय? १ जुलै २०२४ पासून लागू झालेल्या भारतीय साक्ष अधिनियमाच्या ६३ व्या कलमाखाली अशा नोंदीबरोबर प्रमाणपत्र द्यावे लागते. त्याचा पहिला भाग नोंद सादर करणाऱ्याने भरावयाचा, दुसरा तज्ज्ञाने. नोंदीत फेरफार झालेला नाही हे पडताळता यावे म्हणून तिचा हॅश, म्हणजे गणिताने काढलेला ओळखअंक, त्यात नोंदवावयाचा. तत्त्व योग्य आहे. पण तालुक्याच्या गावी हा तज्ज्ञ कोठे भेटतो? प्रमाणपत्राच्या जाचाची कहाणी जालन्याने पाहिली आहे. २०१४ च्या विधानसभा निवडणुकीत तेथील उमेदवारी अर्ज मुदतीत आला होता की नाही, हा वाद निवडणूक अधिकाऱ्याच्या कचेरीतील चित्रफितीवर येऊन ठेपला. चित्रफीत शासनाच्याच कॅमेऱ्याची. पण वारंवार मागूनही तिचे प्रमाणपत्र अधिकारी देईनात. अर्जुन खोतकर प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने २०२० साली प्रमाणपत्र आवश्यकच ठरविले. मात्र ज्याने ते मिळविण्यासाठी शक्य ते सर्व केले त्याला अडवू नये, असेही म्हटले. त्याच निकालात आणखी एक वाट दाखविली आहे. यंत्राच्या मालकाने स्वतः साक्षीला उभे राहून मूळ यंत्रच हजर केले, तर प्रमाणपत्राचे कारण उरत नाही. वाट सरळ दिसते, पण माल पोचविणाऱ्या मुलाने आपला मोबाईल न्यायालयात जमा केला तर दुसऱ्या दिवशी तो काम कशावर करणार? विणकराने माग पुराव्यादाखल ठेवून यावे, तशातली ही गोष्ट.

कामगार न्यायालये आणि ग्राहक आयोग यांना पुराव्याच्या कायद्याची कलमे तितक्या काटेकोरपणे बांधीत नाहीत, एवढा दिलासा आहे. तेथून सुरुवात करता येईल. आपल्या संघटनांच्या कचेऱ्यांत फलक, लाऊडस्पीकर आणि जुन्या ठरावांचे गठ्ठे असतात. त्यांत संघटनेच्या मालकीचा एक टॅब्लेट असावा. कर्जाच्या ॲपवर, शासकीय योजनेच्या अर्जावर, किंवा ज्या खात्यात दुसऱ्या यंत्रावरून प्रवेश करता येतो अशा कोठेही ज्याचा वाद असेल, त्याने तेथे येऊन दोघा साक्षीदारांसमोर आपले खाते उघडावे, मुद्रण लावावे, आपले नाव व तारीख मोठ्याने सांगावी आणि मग पाने उलटावीत. गुप्त अंक मुद्रण सुरू करण्यापूर्वीच टाकावा. सूचनांचे संदेश बंद ठेवावेत, म्हणजे घरच्या खाजगी गोष्टी त्यात येणार नाहीत. असे यंत्र न्यायालयात महिनाभर अडकले तरी कोणाची रोजी बुडत नाही.

शासनाकडे मागावयाचे ते दोन गोष्टींपुरते आहे. ज्या पानावर पैसा, मजुरी, हजेरी किंवा कर्जाची अट दिसते ते पान काळे करण्यास बंदी असावी, आणि ज्याला काळे करावयाचेच आहे त्याने पडद्यावर दाखविलेल्या प्रत्येक टप्प्याची तारीखवार, मराठीतील प्रत मागेल त्याला विनामूल्य द्यावी. न देणाऱ्याला दंड असावा. दुसरे, साक्ष अधिनियमातील प्रमाणपत्राचा तज्ज्ञाने भरावयाचा भाग तालुका विधी सेवा समितीमार्फत फुकट भरून मिळावा. १९८७ च्या कायद्याने या समित्यांना गरिबांसाठी वकील देण्याचे काम सोपविलेले आहेच. वकिलाबरोबर हा तज्ज्ञही त्यांनी दिला पाहिजे. येत्या अधिवेशनात आपल्या सदस्यांनी याबाबत निदान एक तारांकित प्रश्न विचारावा, आणि तोपर्यंत प्रत्येक तालुक्यातील साथींनी, कोणकोणत्या ॲपचा पडदा काळा होतो, याची यादी स्वतः मुद्रण करून पाहून मध्यवर्ती कचेरीकडे पाठवावी.